तोंडाविना बोलणं

मराठवाड्यातल्या जनावरांच्या बाजारात बैलजोडीचा सौदा कसा ठरतो, हे पाहण्यासारखं असतं. जनावरांचे व्यापारी, म्हणजे हेडे, आणि शेतकरी समोरासमोर उभे राहतात, दोघांच्या हातांवर रुमाल पडतो आणि त्याखाली बोटं बोलायला लागतात. कोणतं बोट धरलं, किती बोटं दाबली, यावर हजार ठरतात, शेकडे ठरतात. मान हलते, हात झटकला जातो, पुन्हा धरला जातो. रुमाल निघतो तेव्हा व्यवहार झालेला असतो आणि भोवतीच्या गर्दीला भाव कळलेला नसतो. तोंडातून एक आकडा न काढता एवढी उलाढाल करणाऱ्या या माणसांना कुणी मुकं म्हणत नाही.

त्याच गावात एखादं आठ-दहा वर्षांचं लेकरू असतं. सेरेब्रल पाल्सीमुळे त्याला जीभ आणि ओठ हवे तसे वळवता येत नाहीत. तहान लागली की ते माठाकडे बघतं, नको असेल तर मान फिरवतं, बाप शेतातून आला की हातपाय ताठ करून हसतं. घरच्यांना यातलं बरंचसं कळतं. शाळेत, दवाखान्यात, पाहुण्यारावळ्यांत मात्र ‘याला काही समजत नाही’ असा शिक्का बसतो आणि एकदा बसला की सहसा पुसला जात नाही. बोलता न येणं आणि सांगण्यासारखं काही नसणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. त्यांची गल्लत झाली की माणूस घरातल्या घरात एकटा पडतो.

ही गल्लत दूर करणाऱ्या पद्धतींना संवर्धित आणि पर्यायी संवाद म्हणतात. या क्षेत्रातली माणसं इंग्रजी आद्याक्षरांवरून त्याला नुसतं ‘एएसी’ म्हणतात. थोडीफार वाचा असेल तर तिला जोड देणारी ती संवर्धित पद्धत आणि वाचा नाहीच तिथे तिचं काम करणारी ती पर्यायी. हातवारे, खुणांची भाषा, प्रत्यक्ष वस्तू, फोटो, चित्रांचा तक्ता, अक्षरांचा तक्ता, बोलणारा मोबाइल, नजरेने चालणारा संगणक असं सगळं यात येतं. एक धरलं म्हणून दुसरं सोडायचं नसतं. आपणही फोनवर बोलतो, व्हॉट्सॲपवर अंगठा पाठवतो, एसटीच्या खिडकीतून हात हलवतो. वाचा नसलेल्या माणसालाही अशाच अनेक वाटा लागतात. अंघोळीच्या वेळी मोबाइल चालत नाही, तिथे खूणच कामाला येते.

मराठवाड्यातल्याच हिंगोली जिल्ह्याचं पाहा. २०११ च्या जनगणनेत त्याची लोकसंख्या पावणेबारा लाखांच्या वर होती आणि त्यातले बहुतेक लोक खेड्यांत नि तांड्यांवर राहणारे. सेनगाव किंवा औंढ्याच्या एखाद्या खेड्यातल्या मजूर आईबापांना लेकराला घेऊन नांदेडला किंवा छत्रपती संभाजीनगरला वाचाउपचारतज्ज्ञाकडे जायचं म्हणजे गाडीभाडं आणि बुडालेली मजुरी, दोन्ही आलं. म्हणून तज्ज्ञाची भेट होईपर्यंत घरी बसून काय करता येईल, हा प्रश्न इथे सगळ्यात महत्त्वाचा आहे. आणि करता येण्यासारखं पुष्कळ आहे.

कुणाला लागतं?

२०११ च्या जनगणनेत देशात २ कोटी ६८ लाख दिव्यांग नोंदले गेले आणि त्यांतल्या सुमारे २० लाखांचं दिव्यांगत्व वाचेचं होतं. पण गरज एवढ्यावर थांबत नाही. सेरेब्रल पाल्सी, स्वमग्नता, डाउन सिंड्रोम असलेली कित्येक मुलं जनगणनेत दुसऱ्याच रकान्यात मोजली जातात. मोटर न्यूरॉन आजारात बोलणं हळूहळू जातं. तंबाखू-गुटख्याने घशाचा कर्करोग झाला आणि स्वरयंत्र काढावं लागलं, तर ते शस्त्रक्रियेच्या टेबलावर एका दिवसात जातं.

काहींना ही सोय थोडेच दिवस लागते. जानेवारी २०२५ मध्ये पुण्याच्या सिंहगड रस्ता परिसरात गियां-बारे सिंड्रोमची साथ आली. दोनशेहून अधिक संशयित रुग्ण सापडले आणि त्यांतल्या काहींना व्हेंटिलेटरवर ठेवावं लागलं. या आजारात स्नायू लुळे पडतात, पण मेंदू शाबूत असतो. घशात नळी असलेल्या माणसाला सगळं ऐकू येतं, कळतं, दुखतं, फक्त सांगता येत नाही. अशा खाटेशेजारी ‘दुखतंय’, ‘श्वास लागतोय’, ‘कूस बदला’, ‘घरच्यांना बोलवा’ एवढे चार शब्द लिहिलेला कागद असला तरी रुग्णाची भीती बरीच उतरते.

अर्धांगवायूनंतरचा वाचाघात हे आणखी निराळं प्रकरण. यात जीभ चालते, पण मेंदूतला शब्द जिभेपर्यंत येत नाही. विशेष म्हणजे असा माणूस कधीकधी पाठ असलेला हरिपाठ किंवा आरती घडाघडा म्हणतो. पाठांतर आणि गाणं मेंदूत निराळ्या वाटेने साठलेलं असतं, म्हणून ते वाचतं. घरच्यांना मात्र वाटतं, ‘अभंग म्हणता येतो, मग बोलायला काय झालं? नाटक करतोय म्हातारा.’ ते नाटक नसतं. १९७० च्या दशकात अमेरिकेतल्या डॉक्टरांनी याच गोष्टीचा आधार घेऊन सुरावर शब्द म्हणवून घ्यायची उपचारपद्धत तयार केली. नर्सीसारख्या नामदेवांच्या गावात, जिथे म्हाताऱ्यांना अभंग तोंडपाठ असतात, तिथे हे ठाऊक असायलाच हवं.

बोलणं मागे पडतं का?

चित्रांचा तक्ता दाखवला की आईचा पहिला प्रश्न असतो, ‘याची सवय लागली तर पोरगं बोलायचंच राहील का?’ आजीचं म्हणणं वेगळं: ‘याचा बापबी उशिरा बोलला होता, जिभेला वेखंड लावा.’ या थांबण्यात लेकराची तीन-चार मोलाची वर्षं निघून जातात.

आईच्या प्रश्नाला अभ्यासाने दिलेलं उत्तर स्पष्ट आहे. २००६ मध्ये मिलर, लाइट आणि श्लॉसर या संशोधकांनी तोवरच्या २३ अभ्यासांचा आढावा घेतला. त्यांतल्या काटेकोर प्रयोगांमध्ये २७ जणांची नोंद होती. पर्यायी साधन दिल्यावर एकाचंही बोलणं कमी झालं नव्हतं. ११ टक्क्यांमध्ये फरक पडला नाही आणि ८९ टक्क्यांचं बोलणं वाढलं, कुणाचं थोडं तर कुणाचं बरंच. कारण समजायला अवघड नाही. आपलं म्हणणं समोरच्यापर्यंत पोहोचतं, त्याने काहीतरी घडतं, हे कळलेलं मूल सांगायची धडपड करतं. ज्याचं कधी पोहोचतच नाही, ते धडपड सोडून देतं, नाहीतर चावतं, ओरबाडतं, डोकं आपटतं. त्यालाच आपण हट्ट म्हणतो.

पहिला शब्द ‘नको’

तक्ता करायला पुठ्ठा, फोटो आणि झेरॉक्सच्या दुकानातलं लॅमिनेशन एवढं पुरतं. खरा प्रश्न त्यावर काय ठेवायचं हा असतो. बहुतेक घरी केलेल्या तक्त्यांवर पाणी, जेवण, शू, झोप एवढंच असतं. म्हणजे लेकराने फक्त सांभाळणाऱ्याच्या सोयीचं बोलावं. माणूस एवढ्यावर जगत नाही. आपल्या रोजच्या बोलण्याचा मोठा भाग दोन-तीनशे शब्दांतच फिरत असतो आणि त्यांत वस्तूंची नावं कमी असतात. मी, तू, हवं, नको, अजून, थांब, दे, चल, काय, कुठं, इथं, संपलं, आवडलं, हे ते शब्द. म्हणून तज्ज्ञ आधी हे शब्द ठेवायला सांगतात आणि त्यांच्या जागा पक्क्या करायला सांगतात. ‘नको’ आज डावीकडे तर उद्याही डावीकडेच. आपण दुचाकीचा ब्रेक न बघता दाबतो, तसा त्याचा हात न शोधता त्या शब्दावर पडला पाहिजे.

नावांचे शब्द मात्र त्या घरचेच हवेत. बाहेरून छापून आलेल्या चित्रसंचात बर्गर असतो, बर्फ असतो. कळमनुरीच्या लेकराला भाकरी, पिठलं, म्हैस, एसटी, हळदीचं वावर, औंढ्याची यात्रा, हिंगोलीचा दसरा, मामाचं गाव असं हवं, आणि शक्यतो स्वतःच्या घरातल्या फोटोंसह. चित्र ओळखता येत नसेल तर वस्तूच द्यावी. हातात वाटी दिली की जेवण, चप्पल दिली की बाहेर जायचं. कमी दिसणाऱ्या मुलांना हीच पद्धत लागते.

भाषेचं भानही ठेवावं लागतं. तांड्यावरचं लेकरू घरी गोरमाटी ही बंजारा बोली ऐकतं. त्याच्यासाठी आई म्हणजे ‘याडी’ आणि भाकरी म्हणजे ‘बाटी’. शाळेतून आलेल्या तक्त्यावर फक्त प्रमाण मराठी असेल, तर बोलू न शकणाऱ्या मुलावर आपण आणखी एक परकी भाषा लादतो. तीच गोष्ट उर्दू बोलणाऱ्या घरांची. मराठीची स्वतःची अडचण आहे ती क्रियापदाची. मुलगी ‘मी जाते’ म्हणते आणि मुलगा ‘मी जातो’. यंत्रातून मुलीच्या तोंडी सतत ‘जातो’ येत असेल तर तो तिचा आवाज होत नाही. साधन निवडताना हे आधी तपासावं. आणि अर्धांगवायू झालेल्या आजोबांच्या हाती कार्टूनचा तक्ता देऊ नये. ज्यांनी आयुष्यभर पंचायतीत शब्द टाकला, त्यांच्या तक्त्यावर शेत, बाजारभाव, नातवंडांचे फोटो आणि ‘मला विचारून ठरवा’ हे वाक्य असावं.

आणखी काही शब्द तक्त्यावर हवेतच, जरी ते ठेवायला घरच्यांना संकोच वाटला तरी. अंगाच्या सगळ्या भागांची नावं, ‘दुखतंय’, ‘भीती वाटते’, ‘मारलं’, ‘हात लावला’. बोलता न येणारी मुलंमुली अत्याचाराला लवकर बळी पडतात, कारण ती सांगू शकणार नाहीत अशी करणाऱ्याची खात्री असते. ती खात्री मोडायचं काम हा तक्ता करतो.

करपल्लवी आणि नजरेचा फळा

हात चालत नाही, बोट टेकवता येत नाही, पण अक्षरओळख आहे, अशा माणसाने कसं बोलावं? याचं उत्तर आपल्याकडे फार जुनं आहे. वात्स्यायनाच्या कामसूत्रात चौसष्ट कलांच्या यादीत ‘अक्षरमुष्टिकाकथन’ ही एक कला आहे, म्हणजे बोटांच्या खुणांनी अक्षरं सांगणं. हीच कला करपल्लवी म्हणून पुढे चालत आली. तिची रीत अशी: आधी हाताच्या मुद्रेने वर्ग दाखवायचा. नागाची फणा म्हणजे स्वर, कमळ म्हणजे क-वर्ग, चक्र म्हणजे च-वर्ग, याप्रमाणे आठ वर्गांच्या आठ मुद्रा. मग त्या वर्गातलं कितवं अक्षर, ते बोटांनी दाखवायचं. शेवटी चुटक्या वाजवून मात्रा.

आज जगभर वापरला जाणारा नजरेचा फळा नेमका याच तत्त्वावर चालतो. पारदर्शक ॲक्रिलिकच्या पाटीवर कडेने अक्षरांचे गट लावलेले असतात. पाटी दोघांच्या मध्ये धरायची. रुग्ण आधी गटाकडे बघतो, मग त्या गटातल्या अक्षराची जागा किंवा रंग नजरेने दाखवतो. पलीकडून त्याची बुबुळं कुठे वळली ते दिसतं.

आपली वर्णमाला जणू यासाठीच मांडलेली आहे. स्वर, क, च, ट, त, प, य आणि श असे आठ गट, आणि पाटीच्या चार कोपऱ्यांत नि चार बाजूंच्या मध्यावर मिळून आठ जागा. ‘पाणी’ म्हणायचं तर प-वर्गातलं पहिलं, स्वरांतलं दुसरं, ट-वर्गातलं पाचवं आणि स्वरांतलं चौथं. पाटीही नसेल तर तोंडी चालतं. शेजारी बसलेल्याने विचारत जायचं, ‘स्वर? क-वर्ग? च-वर्ग?’ हवा तो गट आला की रुग्णाने पापणी मिटायची, मग गटातली अक्षरं म्हणायची. अख्खी वर्णमाला दरवेळी म्हणत बसण्यापेक्षा हे कितीतरी वेगाने होतं, आणि सरावाने ऐकणारा निम्म्यातच शब्द ओळखतो. फक्त ओळखल्यावर ‘पाणीच ना?’ असं विचारून होकार घ्यावा, आपलाच शब्द पुढे दामटू नये.

फ्रेंच संपादक जाँ-डॉमिनिक बोबी १९९५ मध्ये अर्धांगाच्या झटक्याने पूर्ण जखडला गेला. फक्त डाव्या डोळ्याची पापणी हलत होती. फ्रेंचमध्ये जास्त येणारी अक्षरं आधी, अशी वर्णमाला त्याच्यासमोर म्हटली जायची आणि हव्या त्या अक्षराला तो पापणी मिटायचा. अशा रीतीने सांगितलेलं त्याचं पुस्तक १९९७ मध्ये छापून आलं. स्टीफन हॉकिंगचा आवाज १९८५ मध्ये श्वासनलिकेच्या शस्त्रक्रियेत गेला तेव्हा सुरुवातीला तोही अक्षरांच्या कार्डावर भुवई उचलूनच बोलत होता. संगणक नंतर आला.

मोबाइलचा आवाज

महाराष्ट्रातलं उदाहरण मालिनी चिब यांचं. सेरेब्रल पाल्सीमुळे त्यांचं बोलणं अनोळखी माणसाला समजत नाही. त्यांच्या आई मिठू अलूर यांनी १९७२ मध्ये मुंबईत स्पास्टिक्स सोसायटी ऑफ इंडिया सुरू केली. मालिनी यांनी एका बोटाने टंकलेखन करत सेंट झेवियर्समधून पदवी घेतली, लंडनमधून दोन पदव्युत्तर पदव्या मिळवल्या आणि २०१० मध्ये ‘वन लिटल फिंगर’ हे आत्मकथन लिहिलं. टाइप केलेलं वाक्य मोठ्याने वाचणारं यंत्र हाच त्यांचा आवाज.

तसं यंत्र तेव्हा परदेशातून आणावं लागे. आता काम मोबाइलवर भागतं. आयआयटी मुंबईच्या औद्योगिक संकल्पन केंद्रात तयार झालेलं ‘जेलो’ हे ॲप मोफत आहे आणि मराठीतही चालतं. चित्र दाबलं की शब्द ऐकू येतो, आणि सोबत आवडतं-नावडतं, हवं-नको, जास्त-कमी अशी बटणं आहेत. चेन्नईच्या अजित नारायणन यांनी विकसित केलेलं ‘आवाज’ हेही मराठीसह अनेक भारतीय भाषांत मिळतं. ज्या बोलीला यंत्राचा आवाज नाही, तिच्यासाठी घरच्याच समवयस्क मुलाच्या आवाजात शब्द ध्वनिमुद्रित करून ठेवता येतात. मात्र वीज जाते, चार्जिंग संपतं, मोबाइल घेऊन भाऊ कॉलेजला जातो. म्हणून कागदाचा तक्ता कायम जवळ असू द्यावा.

ऐकू न येणाऱ्यांची गोष्ट थोडी वेगळी आहे. त्यांच्यासाठी भारतीय सांकेतिक भाषा ही स्वतःचं व्याकरण असलेली पूर्ण भाषा आहे. दिल्लीच्या भारतीय सांकेतिक भाषा संशोधन व प्रशिक्षण केंद्राने २०२१ मध्ये तिचा १० हजार संज्ञांचा कोश पुरा केला. बहिऱ्या मुलाला ती लहानपणीच मिळाली पाहिजे, आणि ती घरच्यांनीही शिकली पाहिजे.

शिकायचं कुणी?

तक्ता घरी आला की पहिल्या आठवड्यात एक चूक हमखास होते. येईल-जाईल तो लेकरापुढे तक्ता धरून ‘दाखव बरं, गाय कुठाय?’ अशी परीक्षा घेतो. परीक्षेला कंटाळून लेकरू तक्ता भिरकावतं. तान्ह्या बाळाशी आपण वर्षभर बोलतो तेव्हा कुठे ते पहिला शब्द काढतं. तक्त्याचंही तसंच आहे. आधी मोठ्यांनी त्यावर बोलायचं. ‘भाकरी अजून हवी?’ म्हणताना आईने ‘अजून’ आणि ‘हवं’ यांवर स्वतः बोट ठेवायचं, उत्तराची अपेक्षा न करता. असं महिनोन्‌महिने चालतं.

दुसरी गोष्ट थांबण्याची. प्रश्न विचारून मनात दहापर्यंत आकडे मोजावेत. ज्याला हात उचलायलाच पाच सेकंद लागतात, त्याच्या आधी आपणच उत्तर देऊन मोकळे होतो.

तिसरी गोष्ट सावधगिरीची. मुलाचा हात किंवा मनगट धरून त्याच्याकडून अक्षरांवर बोट फिरवून घ्यायची एक पद्धत १९९० च्या दशकात फार गाजली. चाचण्यांमध्ये मुलाला एक चित्र आणि हात धरणाऱ्याला दुसरं चित्र दाखवलं, तेव्हा लिहून आलं ते हात धरणाऱ्याने पाहिलेलं चित्र. लिहिणारा नकळत दुसराच होता. म्हणून मदत करणाऱ्याने तक्ता धरावा, खुर्ची नीट लावावी, पण बोट त्या माणसाचंच चालू द्यावं.

कायदा काय म्हणतो?

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ मध्ये ‘संवाद’ या शब्दाच्या व्याख्येतच ब्रेल, सांकेतिक भाषा, स्पर्श, चित्र, सोपी भाषा यांच्यासोबत संवर्धित आणि पर्यायी पद्धतींचा उल्लेख आहे. त्याच कायद्याच्या कलम १७ प्रमाणे शाळांमध्ये या पद्धतींना चालना देणं हे शासनाचं कर्तव्य आहे. न्यायालयातही बोलू न शकणारा साक्षीदार लिहून किंवा खुणांनी साक्ष देऊ शकतो. ती तोंडी साक्षच मानली जाते आणि दुभाषी किंवा विशेष शिक्षकाच्या मदतीने तिचं चित्रीकरण करायचं असतं. ही तरतूद १८७२ च्या पुरावा कायद्यात होती आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमातही आहे.

पालकांनी काय करावं? राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाची पथकं अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि शाळेत एकदा येतात. त्या दिवशी लेकराला घरी लपवून ठेवू नका, पुढे आणा आणि जिल्हा शीघ्र हस्तक्षेप केंद्राची चिठ्ठी मागा. आधी श्रवणचाचणी करून घ्या, कारण कित्येक ‘न बोलणाऱ्या’ मुलांना मुळात ऐकूच येत नसतं. दिव्यांगत्वाचं युडीआयडी कार्ड काढा. शाळेच्या मुख्याध्यापकांना गटसाधन केंद्रातल्या विशेष शिक्षकाबद्दल विचारा. २०२४ मध्ये हिंगोलीत शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झालं आहे. तिथे खाटेशेजारी अक्षरतक्ता असावा, अशी मागणी करायला नागरिकांना कुणी अडवलेलं नाही.

आणि ज्यांच्या घरी असं कुणी नाही, त्यांनी एवढंच करावं: पुढच्या वेळी असं लेकरू भेटलं की त्याचं काय चाललंय हे आईला विचारू नका, त्यालाच विचारा, आणि उत्तर येईपर्यंत थांबा.